इन्क्विझिशनचा हिशेब कुणाकडे मागायचा?

गोव्यातल्या साष्टी तालुक्यात, कुंकळ्ळी गावात १५८३ साली दोन हत्याकांडं झाली. २५ जुलैला गावाने पाच जेझुइटांना, म्हणजे येशूसंघाच्या मिशनऱ्यांना, मारलं. त्यांचे प्रमुख रोडोल्फो आक्वाव्हिवा हे इटलीतल्या सरदार घराण्यातले, अकबराच्या दरबारात धर्मचर्चा करून नुकतेच गोव्यात परतलेले. त्यांच्याबरोबर काही स्थानिक ख्रिस्तीही मारले गेले. हे पाद्री इगर्जीसाठी, म्हणजे चर्चसाठी, जागा पाहायला आले होते. त्याआधीच्या दीड-दोन दशकांत साष्टीतली शेकडो देवळं पोर्तुगीजांनी जमीनदोस्त केली होती, आणि मेलेल्या जेझुइटांपैकी काहींचा त्या मोहिमांत स्वतःचा हात होता. गाव उठलं ते यामुळे. पुढे बोलणी करू असं सांगून १६ गावकारांना, म्हणजे गावच्या मूळ घराण्यांतल्या प्रमुखांना, असोळण्याच्या किल्ल्यात बोलावण्यात आलं. ते विश्वासाने गेले. १५ जणांना तिथेच ठार केलं, एक जण नदीत उडी टाकून वाचला. गावच्या जमिनी जप्त झाल्या.

पाच जेझुइटांना रोमने १८९३ साली धन्यवादित (संतपदाआधीची पायरी) घोषित केलं. १५ गावकारांचं स्मारक कुंकळ्ळीत उभं राहिलं ते २००३ साली. या स्मारकासाठी वर्षानुवर्षं झटणाऱ्यांत आघाडीवर होते ते गावातलेच ख्रिस्ती. बाहेरच्या माणसाला याचं नवल वाटतं, गावाला वाटत नाही. असोळण्याला मारले गेले ते त्यांचेही पूर्वज होते. कुंकळ्ळीचं देऊळ पाडलं गेल्यावर शांतादुर्गा कुंकळ्ळीकरीण फातर्प्याला गेली. सोंत्रयोच्या उत्सवात बारा वांगडांच्या, म्हणजे कुळांच्या, छत्र्या निघतात, तेव्हा गावचे ख्रिस्तीही त्यात आपुलकीने सहभागी होतात. देवी त्यांच्याही कुळाची आहे, ही जाणीव चारशे वर्षांच्या बाप्तिस्म्याने पुसलेली नाही.

कुंकळ्ळीपासून सुरुवात केली त्याला कारण आहे. गोव्यात धर्मावरून काही वाजलं की इन्क्विझिशनचा, म्हणजे पोर्तुगीज काळातल्या चर्चच्या धर्मन्यायालयाचा, उल्लेख आल्याशिवाय राहत नाही. २०२४ साली जुन्या गोव्यात सेंट झेवियरच्या शवदर्शनाआधी त्या अवशेषांच्या डीएनए चाचणीची मागणी झाली, रस्त्यावर गर्दी उतरली, आणि मराठीत लिहिणाऱ्या-बोलणाऱ्या कितीतरी जणांनी मोबाइलवर एकच सवाल फिरवला: इन्क्विझिशनमध्ये आमच्या पूर्वजांचा छळ झाला, त्याचा हिशेब गोव्यातले ख्रिस्ती कधी देणार?

हा सवाल चुकीच्या दारावर टाकलेली थाप आहे, असं माझं ठाम मत आहे. गोव्यातल्या धर्मन्यायालयाचा जाच ज्यांच्या वाट्याला सर्वात जास्त आला त्यांचे वंशज आज बहुतांशी ख्रिस्ती आहेत. त्यांच्याकडे त्या जाचाचा हिशेब मागणं म्हणजे ज्यांनी मार खाल्ला त्यांच्याच घरी वसुलीला जाणं.

जे घडलं ते मला सौम्य करून सांगायचं नाही. मी अंत्रूज महालातला, म्हणजे फोंड्याकडचा. आमच्याकडची बहुतेक मोठी देवस्थानं मुळात आमच्याकडची नाहीतच. मंगेशी कुठ्ठाळीहून १५६० साली प्रियोळला आली. शांतादुर्गा केळोशीहून कवळ्याला, म्हाळसा वेर्ण्याहून म्हार्दोळला, रामनाथ लोटलीहून, बांदोड्याची महालक्ष्मी कोलव्याहून. जुवारी नदी ओलांडून, बहुधा रात्रीच्या अंधारात, माणसांनी आपले देव उचलून आदिलशाही मुलखात आणले. तिसवाडीतली देवळं १५४० साली पाडली गेली होती. साष्टी आणि बारदेस १५४३ साली पोर्तुगीजांकडे आले आणि साष्टीवर १५६६-६७ साली तीच पाळी आली. देवळांच्या जमिनींचं उत्पन्न इगर्जींकडे वळवलं गेलं. १५५९ सालच्या राजाज्ञेने आईबाप नसलेल्या हिंदू मुलांना ताब्यात घेऊन बाप्तिस्मा देण्याची मुभा दिली. पुढे तिचा अर्थ इतका ताणला गेला की बाप वारला आणि आई जिवंत असली तरी मूल तिच्याकडून नेलं जाई. एका आईवर यापेक्षा मोठा अन्याय कोणता राज्यकर्ता करू शकेल, मला कळत नाही. हिंदूंना सरकारी कामांतून दूर ठेवलं गेलं, गावकारीतल्या हक्कांवर गदा आली, उघड्यावर लग्न-मुंज करायला बंदी झाली. यातलं काहीही लपवायचं कारण नाही आणि कुणी लपवू नये.

पण इन्क्विझिशन हे यातलं एक वेगळं प्रकरण आहे आणि त्याची घडण समजून घेतल्याशिवाय त्यावर बोलणं बेजबाबदारपणाचं होतं. सेंट झेवियरने १६ मे १५४६ रोजी आंबोयनाहून पोर्तुगालच्या राजाला पत्र लिहून हिंदुस्थानात धर्मन्यायालय पाठवण्याची विनंती केली, हे खरं आहे. ‘गोंयच्या सायबा’च्या चरित्रातलं हे पान त्याच्या भक्तांनीही वाचावं. त्याच्या पत्रातला रोख मात्र इथल्या शेतकऱ्यावर नव्हता. पोर्तुगीज वस्त्यांत राहून गुप्तपणे यहुदी आणि मुसलमान रीत पाळणाऱ्यांवर होता. तो १५५२ साली वारला. धर्मन्यायालय आलं १५६० साली, १७७४ साली बंद झालं, १७७८ साली पुन्हा सुरू झालं आणि १८१२ साली कायमचं संपलं. अडीचशे वर्षं. या काळात सोळा हजारांच्या आसपास खटले चालले.

हे खटले कुणावर चालले? धर्मन्यायालयाचा मूळ अधिकार बाप्तिस्मा झालेल्यांवर होता. धर्मांतरात अडथळा आणल्याबद्दल किंवा चोरून विधी केल्याबद्दल हिंदूंनाही ओढलं गेलं, शिक्षा झाल्या. पण सुरुवातीची काही वर्षं यहुदी वंशाच्या ‘नव्या ख्रिस्तीं’चा पाठलाग झाल्यावर आरोपींच्या यादीत सर्वात मोठा भरणा राहिला तो इथल्याच, पूर्वी हिंदू असलेल्या ख्रिस्तींचा. बाप्तिस्मा घेऊनही कुणी जुन्या देवाला नारळ वाढवला होता. कुणी मूल आजारी पडलं म्हणून घाड्याकडे, म्हणजे गावच्या देवऋषाकडे, कौल लावला होता. कुणाच्या परसात तुळस सापडली होती. १७३६ साली, म्हणजे पहिल्या धर्मांतरांना जवळजवळ दोन शतकं झाल्यावर, धर्मन्यायालयाने काढलेला जाहीरनामा वाचला तर अंगावर काटा येतो. ख्रिस्तींनी लग्नात ओव्या गाऊ नयेत. हळद लावू नये. पुरुषांनी पुडवें (धोतर) नेसू नये, बायकांनी चोळी घालू नये. घरात तुळस लावू नये. हिंदू शिजवतात तसा बिनमिठाचा भात शिजवू नये. भातात मीठ घातलं की नाही, यावरून माणसाच्या आत्म्याची परीक्षा होत होती! ही परीक्षा माझ्या पणजोबांच्या पणजोबांना द्यावी लागली नाही. ते नदीपलीकडे होते. ती द्यावी लागली अलीकडे राहिलेल्यांना.

अलीकडे का राहिले, हा प्रश्न आपण मराठी हिंदू फार सहज विचारतो. त्यात एक छुपा आरोप असतो: आम्ही देव घेऊन निघालो, तुम्ही जमिनीसाठी धर्म सोडलात. पण निघायला होडी लागते, पलीकडे कुणीतरी ओळखीचं लागतं, गाठीला थोडंफार काही लागतं. कूळ म्हणून दुसऱ्याचं शेत कसणाऱ्याने कुठे जायचं होतं? खाजन शेतीचे, म्हणजे खाडीकाठच्या खारजमिनीचे, बांध धरून ज्याच्या चार पिढ्या उभ्या राहिल्या त्याला पलीकडे कुणी जमीन देणार होतं? आणि एकदा बाप्तिस्मा झाल्यावर परतीची वाट बंद केली ती एकट्या पोर्तुगीजांनी नाही. बाटला तो बाटला, ही आमची न्यायव्यवस्था. त्याच्या हातचं पाणी चालेना, मुलीला घर मिळेना, देवळाची पायरी चढता येईना. एका बाजूला धर्मन्यायालयाची कोठडी आणि दुसऱ्या बाजूला जातीचं बंद दार, यांच्यामधल्या अरुंद पट्टीत गोव्याचा ख्रिस्ती समाज घडला. त्या बंद दाराची जबाबदारी आमची आहे, आणि इन्क्विझिशनवरच्या भाषणांत ती मी कधी ऐकलेली नाही.

यावर कुणी म्हणेल, ही सोळाव्या शतकातली गोष्ट. मग १९२८ साल बघा. मसूरकर महाराजांनी त्या वर्षी गोव्यात शुद्धीची मोहीम काढली आणि गावडे या आदिवासी समाजातले हजारो ख्रिस्ती हिंदू धर्मात परत आले. त्या काळी हे धाडसाचं काम होतं. पण त्या लोकांना आपण नाव काय दिलं? ‘नवहिंदू गावडे’. ते नाव त्यांच्या नातवंडा-पतवंडांनाही चिकटून राहिलं. सोयरीक झाली नाही, मूळच्या हिंदू गावड्यांशीही सहज झाली नाही. ज्यांना आपण ‘घरी परत या’ म्हणतो त्यांना घरात कुठे बसवतो, हे त्यांनी पाहिलं आहे.

मला सर्वात जास्त विचारात पाडते ती मात्र दुसरी गोष्ट. ज्या ओव्या १७३६ साली बंद केल्या त्या बंद झाल्या नाहीत. साष्टीत किंवा बारदेसात ख्रिस्ती लग्नाच्या आदल्या दिवशी ‘रोस’ असतो. वधूला आणि वराला आपापल्या घरी नारळाचा रस चोळून न्हाऊ घालतात, आणि म्हाताऱ्या बायका वोवयो, म्हणजे त्याच ओव्या, म्हणतात. मामाच्या घरी वधूला चुडा भरतात. लग्नाआधी पितरांच्या नावाने ‘भिकाऱ्यांचें जेवण’ घालतात. शिवोलीचा जागोर, म्हणजे रात्रभर चालणारं लोकनाट्य, हिंदू आणि ख्रिस्ती मिळून जागवतात. म्हापशाच्या सेंट जेरोमच्या इगर्जीतली मिलाग्र सायबीण (मरियामाता) ही शिरगावच्या लईराई देवीची बहीण मानली जाते आणि तिच्या फेस्ताला तेल घेऊन जाणाऱ्यांत हिंदूंची रांग मोठी असते. हे सगळं अडीचशे वर्षांच्या धाकाखाली कुणी टिकवलं? ज्या बायकांना लिहिता-वाचता येत नव्हतं, ज्यांच्या दारात धर्मन्यायालयाचा माणूस येऊ शकत होता, त्यांनी. हिंदू परंपरा जपण्यासाठी कुणी काय सोसलं याची यादी कधी झालीच, तर तिच्यात या ख्रिस्ती बायकांना वरचं स्थान मिळायला हवं.

आणि याच्या उलट बाजूनेही बोललं पाहिजे, कारण इथे आपल्याकडचे सहानुभूती असणारे लोकही चुकतात. रोस आणि चुडा दाखवून ते म्हणतात, बघा, मनाने हे अजून हिंदूच आहेत. नाहीत. ते ख्रिस्ती आहेत. धाकाने किंवा लोभाने झालेलं धर्मांतर चौथ्या-पाचव्या पिढीत श्रद्धा झालं, आणि ती श्रद्धा दुसऱ्या कुठल्याही श्रद्धेइतकीच खरी आहे. वाड्यावरच्या खुरसासमोर (क्रूसासमोर) मे महिन्यात लादाईन, म्हणजे सामूहिक प्रार्थना, म्हणणाऱ्या माणसाच्या ओठांवर जबरदस्तीचं काही नसतं. तिथे त्याचा आजा उभा असायचा, आता तो उभा आहे.

ही श्रद्धा किती लवकर त्यांची स्वतःची झाली याचा पुरावा आपल्याच भाषेत आहे. फादर थॉमस स्टीफन्स हा इंग्रज जेझुइट १५७९ साली गोव्यात आला आणि १६१९ साली इथेच वारला. त्याचं ‘ख्रिस्तपुराण’ १६१६ साली राशोलला रोमन लिपीत छापलं गेलं. जवळजवळ अकरा हजार ओव्या, दोन भाग, एकूण ९५ अवस्वरू (अध्याय). त्यातली मराठीची स्तुती करणारी ओवी प्रत्येक मराठी माणसाला शाळेपासून तोंडपाठ असते, आणि आपण तिथेच थांबतो. आपल्या भाषेला एका इंग्रजाने दिलेलं प्रशस्तिपत्र, एवढाच त्या ग्रंथाचा उपयोग आपण ठेवला आहे. पुढे वाचलं तर कळतं की या पुराणाची मागणी साष्टीतल्या नवख्रिस्तींनी केली होती. आमची पहिली पुराणं तुम्ही बंद केलीत, मग त्यांच्या जागी आम्हाला दुसरी का देत नाही, असं एकजण पाद्रीला विचारतो. या प्रश्नात तक्रार आहे आणि हक्कही आहे. पुराण काढून घेतलेला हा समाज मुका बसायला तयार नव्हता. त्याला नव्या देवाची कथाही आपल्या छंदात, आपल्या आईच्या सुरात हवी होती. स्टीफन्सने ज्ञानेश्वरी-भागवताच्या वळणाची ओवी घेतली आणि येशूची कथा तिच्यात ओतली.

ते पुराण दीड शतकाहून अधिक काळ गोव्याच्या इगर्जींत रविवारी आणि सणासुदीला वाचलं जात होतं. मूळ छापील प्रत आज एकही उरलेली नाही. ते पुराण टिकलं ते मंगळूरकडे गेलेल्या गोव्याच्या ख्रिस्तींमुळे. दुष्काळ, स्वाऱ्या आणि धर्मन्यायालय यांना कंटाळून पळताना त्यांनी हस्तलिखितं सोबत नेली, आणि त्यांवरूनच १९०७ साली मंगळूरला त्याची आवृत्ती निघाली. देवनागरीत पुण्याला आली ती १९५६ साली. देव घेऊन नदी ओलांडणाऱ्या आमच्या पूर्वजांची कथा आम्ही अभिमानाने सांगतो. पोथी घेऊन कारवारजवळची काळी नदी ओलांडणाऱ्या या माणसांची कथा त्याच तोलाची आहे, आणि ती पोथी मराठी होती.

भाषेचा वाद मी इथे उकरत नाही. १९६७ चा महाराष्ट्रातल्या विलीनीकरणावरचा जनमत कौल आणि कोंकणीला राजभाषा करणारा १९८७ चा कायदा यांनी गोव्यात मराठी म्हणजे हिंदू अशी जी घट्ट समजूत करून दिली ती दोन्ही बाजूंना सोयीची झाली, इतकंच म्हणतो. तिची किंमत मराठीने मोजली.

ज्यांना चर्च म्हणजे परक्यांची सत्ता असंच वाटतं त्यांनी तिच्या आत झालेले झगडेही वाचावेत. दिवाडी बेटावरच्या नावेलीचा मातेउश द कास्त्रो हा ब्राह्मण ख्रिस्ती. गोव्यात त्याला पाद्री होऊ दिलं नाही. तो रोमला गेला, तिथे शिकला, पाद्री झाला आणि १६३७ साली बिशप झाला. लॅटिन पंथाचा पहिला भारतीय बिशप. परत आल्यावर गोव्याच्या पोर्तुगीज धर्मसत्तेने त्याचे अधिकार मानायला नकार दिला. मग त्याने आदिलशाही मुलखात डिचोलीला बस्तान मांडलं आणि १६५३ साली गोव्याच्या ब्राह्मणांना उद्देशून एक जळजळीत पत्रक लिहिलं, पोर्तुगीजांविरुद्ध उठा म्हणून. त्याला जातीचा अभिमान होता, तो त्याच्या लिखाणातून लपत नाही. पण गोऱ्या पाद्रीच्या तोंडावर ‘आम्ही तुमच्यापेक्षा कमी नाही’ असं सांगणारा हा गोमंतकीय आपल्या कुठल्या पाठ्यपुस्तकात आहे?

जुझे वाझ बाणावलीला १६५१ साली जन्मला. युरोपीय संघ इथल्या माणसांना आपल्यात घेत नसत, तेव्हा गोव्याच्या पाद्रींनी स्वतःचा ओरेटोरियन संघ उभा केला आणि वाझ त्यात होता. १६८७ साली तो मजुराच्या वेशात अनवाणी सिलोनला पोचला. तिथे डच लोकांनी कॅथलिक पाद्रींना बंदी केलेली होती. हेरगिरीच्या संशयावरून त्याला कँडीच्या राजाने कैद केलं. पुढे देवीची साथ आली तेव्हा लोक आजाऱ्यांना टाकून पळत होते आणि हा त्यांची सेवा करत होता. राजाचं मन वळलं ते तिथे. १७११ साली तो कँडीलाच वारला. २०१५ साली पोप फ्रान्सिस यांनी कोलंबोला त्याला संतपद दिलं. तलवार नाही, कायदा नाही, राजाचं पाठबळ नाही, अशा स्थितीत धर्मप्रचार कसा होतो हे एका गोंयकाराने दाखवलं, आणि तेही ज्या काळात त्याच्या स्वतःच्या गोव्यात धर्मन्यायालय चालू होतं. ख्रिस्ती धर्म म्हणजे केवळ इन्क्विझिशन असं म्हणणाऱ्याला माझं उत्तर जुझे वाझ हे आहे.

मग १७८७ सालचं पिंटोंचं बंड. कांदोळीच्या पिंटो घराण्याच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या कटात फादर कायतान कौतो आणि फादर जुझे आंतोनियो गोन्साल्विस हे दोन पाद्री पुढे होते. वरच्या जागा केवळ गोऱ्यांना, हे त्यांनी लिस्बनपर्यंत जाऊन पाहिलं आणि परत येऊन सत्ता उलथायचा घाट घातला. कट फुटला, १५ जणांना फाशी झाली, पाद्रींना लिस्बनला नेऊन तुरुंगात टाकलं. कुंकळ्ळीनंतर दोनशे वर्षांनी पोर्तुगीज सत्तेविरुद्ध उठलेली ही माणसं इगर्जीतून आली होती. गोव्याच्या मुक्तीचा इतिहास १९४६ पासून मोजणाऱ्यांनी हे ध्यानात घ्यावं.

आता चर्चबद्दल. मी हिंदू आहे म्हणून हे बोलायला संकोच वाटतो, पण शेजाऱ्याचा हक्क म्हणून बोलतो. पोप जॉन पॉल दुसरे यांनी १२ मार्च २००० रोजी रोममध्ये चर्चच्या इतिहासातल्या पापांबद्दल जाहीर क्षमायाचना केली. सत्याच्या नावाखाली केलेल्या बळजबरीचा त्यात उल्लेख होता. ती साऱ्या जगासाठी होती. गोव्याला गोव्याची लागते. वेर्ण्याला, केळोशीला, कुठ्ठाळीला, लोटलीला, जिथे देऊळ होतं आणि आता नाही, तिथल्या इगर्जीतून कोंकणीत आणि मराठीत ते घडलं तसं सांगितलं जावं. कुंकळ्ळीच्या पाच जेझुइटांचं स्मरण होतं त्याच दिवशी असोळण्याच्या पंधरांचंही नाव वेदीवरून घेतलं जावं. असं केल्याने श्रद्धा कमी होत नाही. धर्मप्रांताने निवडणुकीच्या तोंडावर न्यायाची, पर्यावरणाची, दुर्बळांची बाजू घेणारी पत्रकं काढली आहेत. ती नैतिक ताकद स्वतःच्या भूतकाळाबद्दल बोलताना आणखी वाढेल.

त्यांची अडचण मला समजते. २०११ च्या जनगणनेनुसार गोव्यात ख्रिस्ती पंचवीस टक्के आहेत, आणि देशातलं वातावरण अल्पसंख्याकांना निर्धास्त करणारं नाही. आज दिलेली कबुली उद्या पुरावा म्हणून आपल्यावरच उगारली जाईल, ही भीती खोटी नाही. ती भीती घालवणं आमचं, बहुसंख्यांचं काम आहे. समोरचा बोलला तर त्याचा मान राहील याची हमी आम्हीच द्यायला हवी. जातीबद्दलही चर्चने आतून बोलावं; काही गावांत कोंफ्रारीवरचा, म्हणजे इगर्जीच्या मंडळावरचा, हक्क आणि फेस्ताचा मान अजून ठरावीक गावकार घराण्यांकडेच आहे, आणि बाप्तिस्म्याने सगळे समान हे तिथे अद्याप लागू झालेलं नाही.

राज्य सरकारने २०२२ च्या अर्थसंकल्पात पोर्तुगीजांनी पाडलेल्या देवळांच्या पुनरुज्जीवनासाठी २० कोटी रुपये ठेवले. या विषयावर माझ्या ख्रिस्ती मित्रांशी माझं पूर्ण जुळत नाही. नार्वेच्या सप्तकोटेश्वराचं काम झालं ते चांगलं झालं. दिवाडीहून हललेल्या या देवाचं देऊळ शिवाजी महाराजांनी १६६८ साली बांधून घेतलं होतं, ते नीट राहिलं पाहिजे. जिथे जागा मोकळी आहे आणि गावाची संमती आहे तिथे एखादं स्मारक, एखादी घुमटी उभी राहिली तर कुणाचं बिघडत नाही. पण जिथे आज इगर्ज उभी आहे आणि चार शतकं तिथे बाप्तिस्मे, लग्नं, अंत्यविधी होत आहेत, तिथे खोदकामाची भाषा करणं म्हणजे सोळाव्या शतकाचीच पुनरावृत्ती. शिवाय अंत्रूजला आलेले देव आता अंत्रूजचे झाले आहेत. मंगेशाला कुणी परत कुठ्ठाळीला न्यायला निघालं तर प्रियोळचे लोक नेऊ देतील का?

देवळांचे दगड शोधायला पैसे आहेत, तर माणसं शोधायलाही असावेत. धर्मन्यायालयाचं बहुतेक दप्तर नष्ट झालं आहे, पण सगळं नाही. जुवांव देल्गादो फिगैरा या न्यायाधीशाने १६२३ साली तयार केलेली एक सूची लिस्बनच्या राष्ट्रीय ग्रंथालयात आहे. १५६१ पासून त्या सालापर्यंतच्या सुमारे ३,८०० खटल्यांची त्यात नोंद आहे: आरोपी कोण, कुठला, आरोप काय, शिक्षा काय. ती मराठीत आणि कोंकणीत, देवनागरीत आणि रोमीतही, गाववार छापली जावी. काम करणाऱ्या संस्था गोव्यात आहेत. पणजीचं पुराभिलेखागार १५९५ पासूनचं आहे, पर्वरीला जेझुइटांचंच झेवियर इतिहास संशोधन केंद्र आणि थॉमस स्टीफन्स कोंकणी केंद्र आहे, गोवा विद्यापीठात मराठी, कोंकणी आणि पोर्तुगीज हे तिन्ही विषय शिकवले जातात. २० कोटींतला एक छोटा वाटा या कामाला पुरेल. सरकारने तो द्यावा, धर्मप्रांताने आपली जुनी पुस्तकं उघडावीत, आणि पहिला खंड साष्टीचा काढावा.